बेट सोडून गेलेल्या मुली

आयर्लंडच्या नैर्ऋत्य किनाऱ्यासमोर ग्रेट ब्लास्केट नावाचे डोंगराळ बेट आहे. किनारा जेमतेम दोन किलोमीटरवर. पण मधला समुद्र असा खवळलेला, की हिवाळ्यात दिवसेंदिवस होडी घालता येत नसे. बेटावर ना डॉक्टर, ना चर्च. १९१६च्या सुमारास तिथे पावणेदोनशे माणसे राहत होती.

पुरुष डांबर लावलेल्या कापडी होड्यांतून बांगड्याच्या जातीचे मासे आणि शेवंडे पकडत. बाकीचा संसार बायकांच्या डोक्यावर. पाणी भरायचे, गाईची धार काढायची, जळणाची वाळलेली माती घरी आणायची, लोकर कातायची. बाळंतपणेही बेटावरच्याच जाणत्या बायका करीत.

या आयुष्याची हकीकत आपल्याला कळते ती पेग सेअर्समुळे. तिचा जन्म समोरच्या किनाऱ्यावरच्या गावात, १८७३ साली. लहान वयातच ती परक्या घरी मोलकरीण झाली. अमेरिकेला गेलेली मैत्रीण तिकिटाचे पैसे पाठवणार होती. पण तिच्या हाताला दुखापत झाली आणि पैसे आलेच नाहीत. मग सोयरीक जमली आणि १८९२मध्ये पेग लग्न होऊन बेटावर आली. पुढे काही मुले दगावली, एक तरुण मुलगा कड्यावरून पडून गेला. उरलेली मुले एकेक करून अमेरिकेला गेली.

पेगचे शिक्षण इंग्रजीतून झाले होते. बोलायची भाषा आयरिश, ती तिला लिहिता येत नव्हती. अमेरिकेहून परतलेल्या मुलाने आईचे बोलणे उतरवून घेतले आणि १९३६ साली तिचे आत्मचरित्र छापले गेले.

तोवर बेटावरच्या तरुण मुली अमेरिकेची वाट धरू लागल्या होत्या. या कष्टात सून म्हणून यायला बाहेरची मुलगीही तयार होईना. लग्ने थांबली, पाळणे थांबले. १९४१मध्ये शाळा बंद पडली. पुढच्याच वर्षी पेगनेही बेट सोडले. १७ नोव्हेंबर १९५३ला सरकारने उरलेल्या बावीसेक जणांना किनाऱ्यावर हलवायला सुरुवात केली.

सरकारने बेट रिकामे केले, असे इतिहासात वाचायला मिळते. ते खरेच आहे. पण सरकारी होडी येण्यापूर्वी कितीतरी वर्षे मुली तिथून निघून गेल्या होत्या. ज्या वाटेने पेगला जाता आले नाही, त्याच वाटेने.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)