शाप आणि निवड

हिंगोलीजवळून वाहणाऱ्या नदीचे नाव कयाधू. नामदेवांच्या नरसीलाही तीच नदी. आणि प्रल्हादाच्या आईचे नावही तेच. ह्या मुलखात कीर्तनाला बसणाऱ्यांना जयविजयांची कथा नवी नाही. वैकुंठाच्या ह्या द्वारपालांनी सनकादिकांना दारात अडवले आणि शाप ओढवून घेतला. मग देवाने विचारले, भक्त म्हणून सात जन्म घेता, की वैरी म्हणून तीन? दोघांनी तीन मागितले. वैर पत्करले, पण विरह कमी केला. पहिल्या जन्मी ते हिरण्याक्ष व हिरण्यकशिपू झाले.

भागवत उघडून पाहावे तर तिसऱ्या स्कंधात शाप आहे, सातव्यात तीन जन्मांचा हिशेब आहे. देवाचा हा प्रश्न मात्र तिथे नाही. तो कथेकऱ्यांच्या तोंडून आपल्यापर्यंत आला. नुसता शाप ऐकून श्रोत्यांचे मन निवले नसावे. शाप टळत नाही, हे त्यांना मान्य होते. परंतु भोगणाऱ्याला काहीच विचारू नये, हे मान्य नव्हते.

हीच ओढ आणखी एका जुन्या कथेत दिसते. कयाधूचे पाणी पैनगंगेतून पुढे जात शेवटी गोदावरीला मिळते, आणि गोदावरीच्याच काठी प्रतिष्ठान, म्हणजे आजचे पैठण. अकराव्या शतकात काश्मीरच्या सोमदेवाने ‘कथासरित्सागर’ रचला. त्यातला वेताळाचे प्रेत खांद्यावर वाहणारा राजा त्रिविक्रमसेन ह्याच प्रतिष्ठानचा. पुढे सदाशिव काशिनाथ छत्रे ह्यांनी वेताळपंचविशी मराठीत आणली, आणि ती घरोघर पोचली.

राजापुढचा पेच वाचकांना ठाऊकच आहे. उत्तर माहीत असून गप्प राहिलास तर डोक्याची शकले होतील; आणि बोललास तर प्रेत पुन्हा झाडावर जाईल. राजा दर वेळी बोलतो, आणि गोष्ट पुन्हा शिंशपाच्या झाडाशी येते. अखेरच्या प्रश्नाला त्याला उत्तरच सुचत नाही. त्याचे ते प्रामाणिक मौन पाहून वेताळ प्रसन्न होतो आणि भिक्षूचे कपट सांगतो. आता बळी राजाचा न जाता भिक्षूचा जातो. एकाच रात्रीला दोन शेवट शक्य होते. कोणता व्हावा हे राजाच्या बोलण्याने आणि मौनाने ठरले.

१९९२ साली जपानात ‘ओतोगिरिसो’ नावाचा खेळ निघाला. पडद्यावर एका भयाण वाड्याची कथा वाचत जायची, मधूनमधून वाट निवडायची, आणि निवडीप्रमाणे कथा वेगळी वळते. पुन्हा वाचू लागले तर नव्या वाटाही उघडतात. ह्या जातीच्या खेळांना आज व्हिज्युअल नॉव्हेल म्हणतात. शापित घराण्यांच्या आणि शापित गावांच्या कथा त्यांत पुष्कळ. चुकलेला वाचक मागच्या वळणावर परततो आणि दुसरा शेवट पाहून येतो. आपली मुले त्यात रमतात ह्याचे नवल वाटू नये; त्यांच्या पणज्यांनीही कीर्तनात हेच मागितले होते.

भेद एकच. पडद्यावरच्या वाचकाला मागे फिरायला काही पडत नाही. त्रिविक्रमसेनाला मात्र प्रत्येक उत्तरानंतर स्मशान तुडवत जाऊन तेच ओझे उचलावे लागे. जयविजयांनीही आपल्या निवडीचे मोल देवाचे वैर होऊन चुकते केले. मोल द्यावे लागले म्हणूनच ती निवड त्यांची झाली.

आपल्याकडे दुष्काळाच्या वर्षी ‘कुणाचा शाप लागला’ असे म्हणून हात टेकणारी माणसे भेटतात. त्यांना ह्या नदीचे नाव दाखवावे. हिरण्यकशिपूचा शेवट शापाने केव्हाच ठरवून टाकला होता. पण त्याच घरात कयाधू होती. नारदाच्या आश्रमात तिने उपदेश ऐकला, आणि तो तिच्या पोटातल्या मुलाने मनात धरला. त्या मुलाबद्दल शापात एक अक्षरही नव्हते.