इंडोनेशिया: मुलं शाळेत पोचली, पण तालीम कुठवर पोचली?

जगात सर्वात जास्त मुसलमान कोणत्या देशात राहतात, असं विचारलं तर अनेक जण चटकन सौदी अरेबियाचं नाव घेतात. खरं उत्तर आहे इंडोनेशिया. सुमारे २८ कोटी लोकसंख्या, त्यात जवळपास ८७ टक्के मुसलमान, १७ हजारांच्या आसपास बेटं आणि सातशेहून जास्त भाषा.

आपल्याकडे तालीमचा विषय निघाला की तीन मागण्या हमखास पुढे येतात: शाळा बांधा, निधी वाढवा, शिक्षकांना नीट पगार द्या. इंडोनेशियाने ही तिन्ही कामं मोठ्या प्रमाणावर केली. मग मुलं किती शिकली? उत्तर सरळ नाही, म्हणूनच ते समजून घेण्यासारखं आहे.

रचना कशी आहे?

सहा वर्षं प्राथमिक, तीन वर्षं कनिष्ठ माध्यमिक आणि तीन वर्षं उच्च माध्यमिक, असा बारा वर्षांचा टप्पा आहे. विशेष म्हणजे शाळा दोन खात्यांकडे वाटलेल्या आहेत. साध्या शाळा शिक्षण खात्याकडे आणि मदरसे धार्मिक व्यवहार खात्याकडे. मदरशांचेही असेच तीन टप्पे आहेत: इब्तिदाइया, सनाविया आणि आलिया.

पहिलं यश: गावोगावी शाळा

१९४५ साली देश स्वतंत्र झाला तेव्हा बहुसंख्य लोकांना लिहिता-वाचता येत नव्हतं. १९७०च्या दशकात तेलाचा पैसा आला आणि सरकारने तो शाळांवर लावला. १९७३-७४ पासून पाच-सहा वर्षांत ६१ हजारांहून जास्त प्राथमिक शाळा उभ्या राहिल्या. जिथे शाळेबाहेरची मुलं जास्त, तिथे शाळा जास्त, असं सूत्र होतं.

अर्थतज्ज्ञ एस्थर डुफ्लो यांनी २००१ मध्ये या योजनेचा अभ्यास प्रसिद्ध केला. ज्या भागात जास्त शाळा झाल्या, तिथली मुलं जास्त वर्षं शिकली आणि मोठेपणी त्यांची कमाईही वाढली, असं त्यांना आढळलं. म्हणजे शाळा बांधणं वाया गेलं नाही. १९८४ मध्ये सहा वर्षांचं आणि १९९४ मध्ये नऊ वर्षांचं शिक्षण सक्तीचं झालं. आज प्राथमिक वयाची जवळपास सगळी मुलं शाळेत आहेत.

पैसा आला, पगार वाढला

२००२ मध्ये राज्यघटनेत दुरुस्ती करून सरकारी अंदाजपत्रकाचा किमान २० टक्के हिस्सा शिक्षणासाठी ठेवण्याचं बंधन घातलं गेलं. २००५ पासून शाळांना विद्यार्थीसंख्येनुसार थेट खर्चाची रक्कम मिळू लागली. त्याच वर्षी शिक्षकांसाठी कायदा आला. जो शिक्षक प्रमाणपत्र मिळवेल त्याला मूळ पगाराइतकाच भत्ता, म्हणजे पगार जवळजवळ दुप्पट.

याचा परिणाम ३६० शाळांमध्ये तपासला गेला. शिक्षक जास्त समाधानी झाले, त्यांच्या पैशाच्या अडचणी कमी झाल्या, जोडधंदे कमी झाले. पण दोन-तीन वर्षांनंतरही मुलांच्या परीक्षेतल्या गुणांत काहीच फरक पडला नाही. पगार वाढला, वर्गातली शिकवण्याची पद्धत मात्र तीच राहिली. शिवाय कंत्राटी शिक्षकांचा मोठा वर्ग आजही तुटपुंज्या मानधनावर काम करतो, ते वेगळंच.

आरसा काय दाखवतो?

‘पिसा’ ही १५ वर्षांच्या मुलांची आंतरराष्ट्रीय चाचणी आहे. पाठांतर नाही, समज तपासली जाते. २०२२ चे गुण असे:

- गणित: इंडोनेशिया ३६६, विकसित देशांच्या ओईसीडी गटाची सरासरी ४७२
- वाचन: ३५९, सरासरी ४७६
- विज्ञान: ३८३, सरासरी ४८५

त्याच वर्षी शेजारच्या मलेशियाला गणितात ४०९, व्हिएतनामला ४६९ आणि सिंगापूरला ५७५ गुण होते. दोन रस्त्यांपैकी जवळचा कोणता, किंवा एका चलनातली किंमत दुसऱ्या चलनात किती, इतपत गणित इंडोनेशियातल्या फक्त १८ टक्के मुलांना जमलं.

पण एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. २००३ मध्ये या चाचणीच्या कक्षेत १५ वर्षांची निम्मी मुलंही येत नव्हती, कारण बाकीची शाळा सोडून गेलेली किंवा मागच्या वर्गात होती. पुढे हे प्रमाण ८५ टक्क्यांपर्यंत गेलं. गरीब घरची, दूरच्या बेटांवरची मुलं शाळेत टिकली, ही कमाई छोटी नाही. मात्र शाळेत टिकणं आणि शिकणं यातलं अंतर अजून भरून निघालेलं नाही.

मदरशांचं काय?

इथे आपल्या वाचकांना रस वाटेल असा भाग आहे. १९७५ मध्ये तीन मंत्र्यांनी मिळून निर्णय घेतला: मदरशात ७० टक्के सामान्य विषय आणि ३० टक्के दीनी विषय असतील, आणि त्याचं प्रमाणपत्र शाळेच्या बरोबरीचं मानलं जाईल. २००३च्या शिक्षण कायद्याने ही बरोबरी पक्की केली. त्यामुळे मदरशात शिकलेल्या मुलीला डॉक्टर किंवा इंजिनिअर होण्याचा रस्ता बंद राहिला नाही. जकार्ताच्या सरकारी इस्लामी विद्यापीठात तर वैद्यकीय शाखाही आहे.

म्हणजे सगळं आलबेल आहे, असं नाही. बहुतांश मदरसे खासगी आहेत आणि अनेक गरीब गावांत आहेत. इमारत, प्रयोगशाळा, प्रशिक्षित शिक्षक यांची तिथे चणचण असते. कागदावरची बरोबरी वर्गात उतरवायला पैसा आणि प्रशिक्षण दोन्ही लागतं.

आता काय बदलतंय?

जुनी राष्ट्रीय परीक्षा २०२१ मध्ये बंद झाली. तिच्या जागी पाचवी, आठवी आणि अकरावीतल्या काही मुलांची वाचन आणि गणिताची चाचणी सुरू झाली. ती मुलाला पास-नापास करण्यासाठी नव्हती, शाळा कुठे कमी पडते ते दाखवण्यासाठी होती. अभ्यासक्रमाचं ओझंही कमी करण्यात आलं आहे. याचा परिणाम दिसायला काही वर्षं जातील.

आपण काय घ्यावं?

शाळा, निधी, पगार या मागण्या सोडायच्या नाहीत. त्यांच्याशिवाय सुरुवातच होत नाही. पण त्यांच्या पुढे चौथा प्रश्न विचारायला हवा: मूल खरोखर काय शिकलं?

हा प्रश्न घरातूनही विचारता येतो. तिसरी-चौथीतल्या मुलाला त्याच्या माध्यमाच्या भाषेतली, उर्दू असो वा मराठी, न पाहिलेली छोटी गोष्ट वाचायला द्या आणि ती स्वतःच्या शब्दांत सांगायला लावा. किराणा आणताना हिशेब करायला सांगा. अडलं तर रागावू नका. पुढच्या पालकसभेत मात्र "मार्क किती?" याऐवजी "याला नेमकं काय जमत नाही, आणि त्यासाठी वर्गात काय करणार?" असं विचारा. इंडोनेशियात हा प्रश्न शाळा बांधून झाल्यावर कित्येक वर्षांनी ऐरणीवर आला. आपल्याला तेवढी वाट पाहायची गरज नाही.