चार नोंदींचं पान

पार्टिशन म्हटलं की माझ्या पिढीच्या मनात १९४७ येतं. त्यामुळे गेल्या वर्षी वाचनालयातला सर्व्हर पाहायला आलेला मुलगा म्हणाला, ‘‘चाचा, पार्टिशनची पद्धतच बदलावी लागेल,’’ तेव्हा मी दचकलोच. जुन्या मासिकांची, कवींच्या वह्यांची पानं स्कॅन करून आम्ही त्यात साठवली होती. काही मूळ वह्या त्यानंतर वाळवीनं खाल्ल्या. डिस्क भरली म्हणून चार टेराबाइटची आणली, जुनीची जशीच्या तशी नक्कल तिच्यावर उतरवली. पण दोन टेराबाइटच्या जरा पुढे गाडी अडली.

कारण शोधत मी १९८३ पर्यंत मागे गेलो. त्या वर्षी आयबीएमचा पीसी एक्सटी आला, डिस्क १० मेगाबाइटची. तिच्या वाटण्यांची नोंद पहिल्याच सेक्टरमध्ये, ५१२ बाइटांत कोंबलेली. त्यातही वाटण्यांच्या वाट्याला ६४ बाइट, सोळा-सोळाच्या चार नोंदी. म्हणजे चार भावांपुरता सातबारा! सेक्टर मोजायला ३२ बिट, म्हणून हिशेब तिथेच संपतो. दहा मेगाबाइटच्या जमान्यात हे कोणाला तोकडं वाटणार? मला तरी त्यांना दोष देववत नाही.

नवी पद्धत, जीपीटी, इंटेलनं १९९० च्या दशकाच्या अखेरीस इटॅनियम संगणकांसाठी हाती घेतलेल्या ईएफआयच्या कामातून निघाली. मोजणी ६४ बिटांची, नोंदी साधारण १२८. मला भावलं ते वेगळंच. नोंदवहीची दुसरी प्रत डिस्कच्या शेवटी असते. आणि पहिल्या सेक्टरमध्ये जुन्या पद्धतीची एक नाममात्र नोंद ठेवतात. जुन्या प्रोग्रॅमनं डिस्क रिकामी समजून हात घालू नये म्हणून. जुन्या माणसाला कळेल अशा भाषेत दारावर पाटी.

मुलानं आधी सगळं आणखी एका डिस्कवर उतरवलं, दहावीस फायली उघडून पाहिल्या. मग लिनक्सवरचा जीडिस्क चालवला. या वहीला पुढे ३४ सेक्टर लागतात, मागे ३३. आमचा पहिला भाग २०४८ व्या सेक्टरपासून सुरू होणारा, मागे तर जवळजवळ अर्धी डिस्क मोकळी. यंत्र सुरू व्हायचं ते दुसऱ्याच डिस्कवरून, त्यामुळे तीही काळजी नव्हती. पानं जागची हलणार नव्हती, फक्त वही बदलणार होती. तरी शेवटची कळ दाबण्याआधी त्यानं माझ्याकडे पाहिलं.

‘‘बिस्मिल्लाह कर,’’ मी म्हणालो.

दोन मिनिटंही लागली नाहीत. मग भाग वाढवला, जागा दिसली. मी आधी वाळवीनं खाल्लेली एक वही उघडायला लावली. शाईच्या डागासकट ती पडद्यावर आली.