भोंगा ते बीबीसी: शर्यत सांगणाऱ्यांची गोष्ट

मंडळी, आज जरा वेगळा विषय. फॉर्म्युला वन बघणाऱ्यांना मरे वॉकर हे नाव सांगावं लागत नाही. जे बघत नाहीत त्यांच्यासाठी: मरे वॉकर म्हणजे आधी बीबीसीचा आणि मग आयटीव्हीचा मोटर रेसिंगचा आवाज. १९४९ साली त्याने ब्रिटिश ग्रां प्रीचं पहिल्यांदा रेडिओवर वर्णन केलं, आणि २००१ साली इंडियानापोलिसच्या शर्यतीनंतर माइक खाली ठेवला. बावन्न वर्षं!

आता गंमत ऐका. यातली पहिली तेहेतीस वर्षं हा माणूस नोकरी करत होता. बराच काळ मॅसियस नावाच्या जाहिरात कंपनीत. सोमवार ते शुक्रवार क्लायंट, मीटिंगा, बजेटं, शनिवार-रविवार शर्यती. नोकरी सोडली ती १९८२ साली, साठीला टेकल्यावर. म्हणजे जगातल्या सर्वांत प्रसिद्ध रेसिंग समालोचकाचं "करिअर" हे बहुतेक काळ वीकएन्डचं काम होतं. हे वाचलं तेव्हा मला (आणि माझ्यातल्या शुक्रवारी रात्री डिप्लॉयमेंट करणाऱ्या जीवाला) फार बरं वाटलं. :)

मग प्रश्न पडला की ही माणसं येतात कुठून? मोटर रेसिंगचा समालोचक किंवा पिट रिपोर्टर व्हायचं तर कुठल्या कॉलेजात जायचं? कॅम्पसला तर कुणी येत नाही. चार-पाच मोठ्या लोकांचा इतिहास वाचला आणि एक गोष्ट लक्षात आली. जवळजवळ सगळे गावच्या मैदानावरच्या भोंग्यापासून सुरू झालेले आहेत. आणि भोंग्याच्या बाबतीत आपलं वऱ्हाड काही गरीब नाही!

पण आधी वॉकर. त्याचे वडील ग्रॅहम वॉकर मोटारसायकलचे नावाजलेले रेसर, नंतर बीबीसीवर समालोचनही करायचे. तर घरात वातावरण होतं. पण पोराला पहिला माइक मिळाला तो १९४८ साली, शेल्सली वॉल्श नावाच्या ठिकाणी. हा इंग्लंडमधला एक चढाचा रस्ता. लांबी फक्त हजार यार्ड. १९०५ पासून तिथे गाड्या चढावर पळवतात. एका वेळी एकच गाडी. खाली सुटली, वर पोचली, घड्याळात वेळ बघितली, पुढची गाडी. वॉकरने तिथे लाऊडस्पीकरवरून प्रेक्षकांना माहिती दिली. रेडिओ वगैरे काही नाही, मैदानातल्या लोकांसाठीच. पुढच्याच वर्षी तो बीबीसीवर होता.

यातला महत्त्वाचा मुद्दा असा की एका वेळी एकच गाडी धावते तेव्हा डोळ्यांना शर्यत दिसतच नाही. ओव्हरटेकिंग नाही, पुढे कोण मागे कोण नाही. एक गाडी धुरळा उडवत गेली एवढंच दिसतं. ती आधीच्या गाडीपेक्षा जलद होती की हळू, कोणाचा विक्रम धोक्यात आहे, हा ड्रायव्हर मागच्या वर्षी कुठे चुकला होता, हे सगळं कुणीतरी सांगावं लागतं. शर्यत घड्याळात होते आणि घड्याळ सगळ्यांना दिसत नाही. म्हणून आवाज लागतो.

हे वाचताना अमरावती-अकोल्याकडच्या माणसाला काय आठवेल? बरोबर. शंकरपट.

पुण्या-मुंबईच्या मित्रांसाठी सांगतो. तुमच्याकडे बैलगाडा शर्यत आणि तिचा घाट, तसा आमच्याकडे पट. अमरावती जिल्ह्यात धामणगाव रेल्वे तालुक्यात तळेगाव दशासर नावाचं गाव आहे, तिथला पट सगळ्या विदर्भात प्रसिद्ध. जानेवारीची थंडी, कापूस बऱ्यापैकी वेचून झालेला, लांबून आणलेल्या जोड्या, भज्यांचा घाणा आणि माणसंच माणसं. बैलजोडी हलक्या छकड्याला जुंपलेली, त्यावर धुरकरी. सुटली की काही सेकंदांत खेळ खलास. निकाल लागतो तो सेकंदांवर, आणि तोही सेकंदाच्या बारीक भागापर्यंत. डोळ्यांनी बघून पहिली कोण आणि चौथी कोण हे ब्रह्मदेवालाही सांगता येणार नाही.

म्हणून पटावर माइकवाला लागतोच. जोडी कोणाची, गाव कोणतं, धुरकरी कोण, आधी कुठल्या पटात नंबर काढला, आता किती सेकंद लागले, हे तो न थांबता सांगत असतो. अर्धं वऱ्हाडी, अर्धं हिंदी. मधेच कोणाची मोटारसायकल रस्त्यात आहे ते सांगायचं, देणगी देणाऱ्याचं नाव घ्यायचं, हरवलेल्या पोराच्या बापाला बोलवायचं, आणि पट्टीवर घुसलेल्या गर्दीला "मांगं सरा बाप्पा" म्हणून विनवायचं. आणि तेवढ्यात जोडी सुटली की आवाज एकदम वरच्या पट्टीत! तंत्र म्हणून बघाल तर शेल्सली वॉल्शच्या लाऊडस्पीकरवर जे काम होतं तेच हे काम आहे. पश्चिम महाराष्ट्रात कुस्तीच्या फडावर कोथळीच्या शंकर पुजारींसारख्या निवेदकांनी याच कामाला स्वतंत्र ओळख मिळवून दिली. पैलवानाइतकंच निवेदकाचंही नाव लोक घेऊ लागले.

अमेरिकेतही हाच रस्ता दिसतो. ख्रिस इकोनोमाकी हा तिथल्या पिट रिपोर्टरांचा आजोबा म्हणायला हरकत नाही. तेराव्या वर्षी ट्रॅकवर रेसिंगचा पेपर विकायचा, चौदाव्या वर्षी त्यात लिहायला लागला, १९५० साली त्याच पेपरचा संपादक झाला. मधल्या काळात छोट्या-मोठ्या ट्रॅकवर माइकवरून घोषणा करायचा. १९६१ साली एबीसी या टीव्ही कंपनीला रेसिंग दाखवायचं होतं, तेव्हा पिटमध्ये कोण काय करतंय हे ठाऊक असलेला माणूस आयताच मिळाला.

दुसरा केन स्क्वायर. व्हरमाँट राज्यातल्या वॉटरबरी या छोट्या गावचा. त्याच्या वडिलांचं तिथे रेडिओ स्टेशन होतं. चौदाएक वर्षांचा असताना लाकडं वाहायच्या ट्रकवर उभं राहून त्याने पहिली शर्यत सांगितली. मग १८ फेब्रुवारी १९७९. डेटोना ५०० ही शर्यत पहिल्यांदा पहिल्या फेरीपासून शेवटच्या फेरीपर्यंत देशभर टीव्हीवर लाइव्ह दाखवली गेली. अमेरिकेच्या पूर्व भागात त्या दिवशी प्रचंड बर्फ, लोक घरात अडकलेले. शेवटच्या फेरीत पहिल्या दोन गाड्या एकमेकींना धडकल्या, ड्रायव्हर खाली उतरून मारामारीवर आले आणि तिसराच जिंकला. हे सगळं देशाला सांगत होता तो ट्रकवरचा पोरगा. आणि एवढं नाव झाल्यावरही त्याने गावचं रेडिओ स्टेशन काही सोडलं नाही.

आपल्या देशात हा प्रवास क्रिकेटमधून झाला. १९३४ साली मुंबईत चौरंगी सामन्यांचं धावतं वर्णन बॉबी तल्यारखान यांनी केलं. माइक दुसऱ्या कुणाबरोबर वाटून घ्यायला त्यांना आवडायचं नाही, दिवसभर एकटेच बोलत! पण ते इंग्रजीत. मराठीला मैदानाच्या वेगाने बोलायला लावलं ते बाळ ज. पंडितांसारख्यांनी. स्वतः महाराष्ट्राकडून रणजी खेळलेला माणूस रेडिओवर मराठीत क्रिकेट सांगायला लागला, आणि आपली भाषा यात तोकडी पडत नाही हे लोकांना कळलं.

इथे अमरावतीची एक आठवण सांगायलाच हवी. खेळ टीव्हीवर थेट दाखवण्याचा पहिला मोठा प्रयोग १९३६च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये झाला. शहरात ठिकठिकाणी हॉलमध्ये पडदे लावून लोकांना दाखवलं गेलं. त्याच ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथक बर्लिनमध्ये होतं, कबड्डी आणि देशी व्यायामप्रकारांची प्रात्यक्षिकं करायला. म्हणजे खेळ करून दाखवण्यात वऱ्हाड तेव्हाही मागे नव्हतं. तो जगाला सांगण्याच्या कामात मात्र आपण फारसे उतरलो नाही.

आता पिट रिपोर्टरकडे येऊ. समालोचक वर खोलीत बसून पडद्याकडे बघत बोलतो. पिट रिपोर्टर खाली, टायर आणि जॅकच्या मधे. एका कानात समालोचन, दुसऱ्या कानात निर्मात्याच्या सूचना, समोर इंजिनाचा आवाज. मेकॅनिक टायर घेऊन बाहेर आले म्हणजे गाडी येणार, की समोरच्या टीमला चकवण्यासाठी नुसते उभे आहेत? टायरची कड लाल आहे की पांढरी, म्हणजे मऊ की कडक? २०२३ साली कतारला मॅक्लारेनने चारही चाकं १.८० सेकंदांत बदलली. तेवढ्या वेळात बघायचं, समजून घ्यायचं आणि सांगायचं. शिवाय टीम खरं सांगतेच असं नाही.

या माणसाची खरी किंमत कळली ती १९ जून २००५ला, इंडियानापोलिसच्या ग्रां प्रीत. वीस गाड्या फॉर्मेशन लॅपला निघाल्या आणि शर्यत सुरू व्हायच्या आत चौदा गाड्या सरळ पिटमध्ये वळल्या. ट्रॅकवर उरल्या सहा. स्टँडमधले लोक चक्रावले, मग भडकले. कारण होतं मिशेलिनचे टायर. तिथल्या तेराव्या वळणावर ते टिकतील याची कंपनीलाच खात्री नव्हती, आणि आदल्या रात्रीपासून चाललेल्या वाटाघाटी फिसकटल्या होत्या. ही गोष्ट ट्रॅककडे बघून कुणालाही कळणार नव्हती, सगळं घडलं होतं ते पिटच्या मागे. त्या दिवशी आयटीव्हीसाठी ग्रिडवर फिरणारा मार्टिन ब्रंडल, स्वतः माजी एफ-वन ड्रायव्हर, थेट खेळाचे मालक समजले जाणारे बर्नी एक्लेस्टन यांनाच गाठून जाब विचारत होता. आणि आपल्यासाठी महत्त्वाचं म्हणजे त्याच शर्यतीत नारायण कार्तिकेयन चौथा आला. भारतीय ड्रायव्हरचे एफ-वनमधले ते पहिले गुण. "सहातला चौथा" म्हणून हसणारे खूप होते. पण ते सहा का उरले, हे नीट सांगितल्याशिवाय त्या चौथ्या नंबरचा अर्थच लागत नाही. सांगणारा नसेल तर इतिहासात नुसता आकडा उरतो.

आता तुम्ही म्हणाल, हे सगळं ठीक, पण आपल्याकडे पोट भरेल का यावर? प्रामाणिक उत्तर: नुसत्या यावर भरेल असं समजून राजीनामा देऊ नका. भारतात शर्यती येतात आणि जातात. ग्रेटर नोएडाच्या बुद्ध सर्किटवर २०११ ते २०१३ अशी तीनच वर्षं एफ-वन झाली (तिन्ही वेळा व्हेटेलच जिंकला). २०२३ साली हैदराबादला फॉर्म्युला ई आणि बुद्धवर मोटोजीपी झाली. २०२४ साली पुण्यात बालेवाडीला सुपरक्रॉस लीगची फेरी झाली. काम आहे, पण तुटक आहे.

पटाचंही तसंच. मी बारावीत असताना, ७ मे २०१४ला, सुप्रीम कोर्टाने जल्लीकट्टूबरोबर बैलांच्या शर्यतीही बंद केल्या. २०१७ साली राज्याने कायदा बदलला, तो हायकोर्टात अडला. १६ डिसेंबर २०२१ला सुप्रीम कोर्टाने अंतरिम परवानगी दिली आणि १८ मे २०२३ला घटनापीठाने कायदा कायम ठेवला. मधली सात वर्षं पट थांबला, तसा माइकही थांबला. आणि बंदी उगाच आली नव्हती. शेपटी पिरगाळणं, टोचणं हे प्रकार होत होते. आता काठी-चाबकाला मनाई आहे. पण पट्टीवर काय चाललंय हे सर्वांत आधी कोणाला दिसतं? माइकवाल्याला. त्याने ते पाहून न पाहिल्यासारखं केलं तर तो नुसता भाट झाला. वॉकरला १ मे १९९४ला इमोलात सेनाचा अपघात लाइव्ह सांगावा लागला होता. आरडाओरडा करणं सोपं असतं. जे दिसतंय ते खरं सांगणं, आणि जे अजून कळलेलं नाही ते न बोलणं, हे अवघड. हाच गुण पटावर लागतो आणि हाच पिटमध्ये.

त्यामुळे ज्याला खरंच यात उतरायचं आहे त्याने वॉकरचा मार्ग धरावा असं मला वाटतं. नोकरी ठेवायची. शनिवार-रविवारी जवळची कुठलीही शर्यत गाठायची: पट असो, डर्ट ट्रॅक असो, सायकल शर्यत असो. आयोजकांना माइकसाठी माणूस हवाच असतो. जोड्यांची, रायडरांची, मेकॅनिकांची वही ठेवायची. इकोनोमाकीची सगळी पुंजी तीच होती. इंजिनिअरांना तर एक फायदाही आहे, टायर का तापतो आणि गिअरबॉक्स का फुटतो हे आपल्याला निदान पुस्तकातून तरी ठाऊक असतं. ते मराठीत, न अडखळता, पंधरा सेकंदांत सांगता येतं का, हे घरी मोबाइलवर रेकॉर्ड करून बघा. मी बघितलं. "अंडरस्टीअर" मराठीत समजावताना चाळीस सेकंद गेले. :) पटावरच्या माइकवाल्याने तेवढ्यात तीन जोड्या सोडल्या असत्या.

असो, बरंच लांबलं. उद्या सकाळी नऊला स्टँड-अप मीटिंग आहे, तेव्हा इथेच थांबतो. तळेगावचा पट जानेवारीत असतो. कधी गेलात तर जोड्यांकडे बघाच, पण मधेच पाच मिनिटं डोळे मिटून नुसता भोंगा ऐका.