पन्हळीची वाट

छपरावर टोकदार सळई उभारून तिचे दुसरे टोक जमिनीत पुरले की विजेचा बंदोबस्त झाला, ही समजूत फ्रँकलिनच्या काळापासून चालत आली आहे. पण खरी गोम सळईपेक्षा छपरावरच्या बाकीच्या धातूत असते. लंडनजवळ थेम्सकाठी पर्फ्लीट येथे ब्रिटिश सरकारची दारूकोठारे होती. तिथे टोकदार विद्युतवाहक बसवावेत, असा सल्ला १७७२ साली रॉयल सोसायटीच्या समितीने दिला. फ्रँकलिन आणि कॅव्हेंडिश दोघेही तिच्यात होते. मे १७७७ मध्ये तिथल्या कार्यालयावरच वीज कोसळली, तीही सळई सोडून कठड्याचे दगड सांधणाऱ्या एका लोखंडी पकडीवर. पकडीपासून सुमारे सात इंचांवर शिशाचा पत्रा होता; तो शिशाच्या पन्हळीला आणि पन्हळ वाहकाला जोडलेली. मधल्या सात इंचांत दगडविटा फुटल्या, पण पुढे पन्हळीला काही झाले नाही.

समितीतल्या बेंजामिन विल्सनचा टोकदार सळईला आधीपासूनच विरोध होता. टोक विजेला आवतण देते, असे त्याचे म्हणणे. या घटनेने त्याला जोर चढला आणि टोकदार की बोथट या वादाने सारी हवा व्यापली. मला तो वाद मूळ मुद्द्याला बगल देणारा वाटतो. धातूमुळेच नुकसान होत असते तर पन्हळही फाटायला हवी होती. नुकसान झाले ते धातू तुटक होता तिथे. नंतरच्या चौकशी समितीनेही पकडी शिशाने एकमेकींना जोडा, असेच सुचवले.

मग निव्वळ पन्हळीवर का भागत नाही? १७८३ मध्ये ग्योटिंगेनचा पंडित मिखाएलिस याने छपरावरच्या धातूवर भागते असा तर्क मांडला होता: जेरुसलेमच्या मंदिरावर शतकानुशतके वीज पडल्याची नोंद नाही, कारण छतावर सोनेरी अणकुच्या होत्या आणि धातूचे नळ पावसाचे पाणी खालच्या टाक्यांत नेत. तर्क देखणा आहे, पण नोंद नसणे हा पुरावा नव्हे. शिवाय साध्या घराचा उतरता नळ तुकड्यातुकड्यांचा असतो, सांध्यांना गंज आणि रंग लागतो, खालचे तोंड जमिनीच्या वर उघडेच राहते. अर्थिंग नसलेला असा नळ विजेला अर्ध्यावर आणून सोडतो आणि तिथून ती भिंतीत शिरते. आजची आंतरराष्ट्रीय मानके धातूच्या पन्हळीला वाहकाचा दर्जा देतात, पण पत्रा पुरेसा जाड, सांधे सलग आणि खालचे टोक जमिनीशी जोडलेले असेल तरच. मध्ये प्लॅस्टिकचा एक तुकडा बसवला तरी तो दर्जा जातो.