कात्री कुणाच्या हाती?

वऱ्हाडातील श्रोत्यांस कापसाची गोष्ट निराळी सांगावयास नको. खामगावच्या जिनात सरकी बाजूला पडते व रुई हाती येते. अनुबोधपटाच्या संकलकाचे काम वरवर पाहता असेच वाटते. परंतु जिनातील यंत्राला मत नसते. संकलकाला ते असते. म्हणूनच कात्री कुणाच्या हाती, हा प्रश्न आम्हांला इतिहासाचाही प्रश्न वाटतो.

1948 साली फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली. तिचे अनुबोधपट चित्रगृहांतून सक्तीने दाखविले जात. म्हणजे पैसा सरकारचा, कात्रीही सरकारची. ही वाट सोडून ज्यांनी आपले चित्रपट बहुधा स्वतःच संकलित केले, त्यांत आनंद पटवर्धन यांचे नाव अग्रभागी घ्यावे लागते. 1974 च्या बिहार आंदोलनावर त्यांनी ‘क्रांति की तरंगें’ हा चित्रपट केला. आणीबाणीत त्याच्या प्रतीचे तुकडे करून ते चोरून परदेशी धाडावे लागले व तेथे पुन्हा जोडावे लागले.

मुंबईच्या झोपडवासीयांवरील ‘हमारा शहर’ या त्यांच्या 1985 च्या चित्रपटात शाहीर विलास घोगरे गायले होते. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसे मेली. चार दिवसांनी घोगरे यांनी आत्महत्या केली. तेथून सुरू झालेले चित्रण चौदा वर्षे चालले आणि 2011 साली ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला. शाहिराचे जुने चित्रण त्यात पुन्हा आले. तेव्हा जे गाणे होते, तो आता पुरावा झाला होता.

दुसरी कात्री परिनिरीक्षण मंडळाची. ‘जंग और अमन’ या 2002 च्या चित्रपटात मंडळाने अनेक काटछाटी सुचविल्या. 2003 साली मुंबई उच्च न्यायालयाने त्या अमान्य केल्या.

कुणी म्हणेल, संकलकही कापतोच. मग भेद कोणता? आम्हांला तो असा दिसतो : संकलक आपल्या नावानिशी निवड करतो, आणि ती न पटल्यास प्रेक्षक त्याला जाब विचारू शकतो. मंडळाने कापलेले मात्र प्रेक्षकाला दिसतच नाही. मग त्याने जाब तरी कशाचा विचारावा?