तांबडा बोल

आमच्या बदलापूरच्या सोसायटीच्या दप्तरात एक जुना कागद आहे. २०१२ च्या उन्हाळ्यात मारलेल्या बोअरवेलचा तो अहवाल. डाव्या बाजूला फुटांत खोली आणि उजव्या बाजूला त्या खोलीवर काय लागले त्याची नोंद : माती, मुरूम, काळा कातळ, पुन्हा काळा कातळ. ११२ ते ११६ फुटांसमोर मात्र दोनच इंग्रजी आद्याक्षरे आहेत : 'आर. बी.'

मी तेव्हा सोसायटीचा सचिव होतो. इमारतीच्या डागडुजीची बिले पाहून पाहून आम्हाला आर. बी. म्हणजे 'रनिंग बिल' एवढेच ठाऊक. ठेकेदाराने आणखी एका हप्त्याची आठवण करून दिली आहे, असे समजून मी त्या ओळीसमोर 'नंतर पाहू' असा शेरा मारला. बोअरला पाणी लागले होते, नारळ फुटला होता, विषय संपला. दुसऱ्या पावसाळ्यानंतर नळाला तांबूस पाणी येऊ लागले. मग ते कमी झाले. शेवटी पंप वर काढायला गेलो, तर तो आतच अडकून बसला होता. चेनब्लॉक लावूनही जागचा हलला नाही. सभासदांनी ठेकेदाराला बोल लावला, ठेकेदाराने जमिनीला लावला, आणि टँकर सुरू झाले.

त्या दोन अक्षरांचा अर्थ मला कळला तो पुढे काही वर्षांनी, रद्दीच्या दुकानात मिळालेल्या भूशास्त्राच्या एका पाठ्यपुस्तकात. आर. बी. म्हणजे 'रेड बोल'. मी वाणिज्य शाखेचा माणूस, पण तेव्हापासून या शब्दाचा माग काढतो आहे. त्याचा हा जमाखर्च.

आपण ज्या भूमीवर राहतो ती लाव्ह्याच्या थरांवर थर साचून झालेली आहे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीच्या उद्रेकांतून आलेला हा बेसाल्ट आजही सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेशावर पसरलेला आहे. या थरांच्या मध्ये कोठे कोठे तांबड्या, चिकणमातीसारख्या मऊ द्रव्याचा पट्टा असतो, कधी बोटभर जाडीचा, कधी पुरुषभर. लोहाच्या ऑक्साइडमुळे त्याचा रंग विटकरी किंवा गेरूसारखा असतो. हाच बोल. क्वचित तो हिरवाही सापडतो. कल्याणहून मुरबाडमार्गे माळशेज घाट चढताना किंवा खंडाळ्याच्या घाटात, कापलेल्या कड्यावर काळ्या दगडात आडवी तांबडी रेघ दिसते. मी ती कित्येक वेळा पाहिली होती. तिला नाव आहे हे ठाऊक नव्हते.

या काळ्या खडकाचे शास्त्रीय नाव तुलनेने परिचित आहे : दख्खन ट्रॅप. विल्यम हेन्री साइक्स या लष्करी अधिकाऱ्याने १८३३ साली दख्खनच्या भूरचनेवरील आपला निबंध प्रसिद्ध केला, तेव्हापासून हे नाव रुळले असे मानतात. यातला 'ट्रॅप' म्हणजे सापळा नव्हे. 'ट्रॅप्पा' या स्वीडिश शब्दाचा अर्थ जिना. अठराव्या शतकात स्वीडनच्या खनिजतज्ज्ञांनी पायऱ्यापायऱ्यांच्या डोंगरांतील काळ्या खडकाला तो लावला. बदलापूर स्थानकावरून चंदेरीकडे किंवा माथेरानच्या रांगेकडे पाहिले की हा जिना नजरेस पडतो. पायरीची उभी बाजू म्हणजे थराचा कठीण गाभा. आडवी बाजू म्हणजे थराचा वरचा सच्छिद्र, लवकर झिजणारा भाग. बोल असतो तो बहुतेक या आडव्या बाजूच्या पातळीत, वरच्या पायरीच्या बुडाशी.

म्हणजे ट्रॅप हे पायरीचे नाव, तर बोल हे दोन पायऱ्यांमधल्या सांध्याचे.

मराठीतल्या 'बोल'शी या शब्दाचे केवळ ध्वनिसाम्य आहे. मूळ ग्रीक 'बोलोस', म्हणजे मातीचे ढेकूळ. त्यावरून लॅटिनमध्ये 'बोलस' झाला आणि तो औषधांच्या दुकानात शिरला. मोठ्या गोळीला बोलस म्हणत. आज डॉक्टर एकदम दिलेल्या औषधाच्या मात्रेला 'बोलस डोस' म्हणतात, तोही याच घरचा. आर्मेनियातून येणारी तांबडी चिकणमाती युरोपात रक्तस्राव आणि अतिसारावर दिली जात असे. तिला आर्मेनियन बोल म्हणत. युनानी वैद्यकातली 'गिल-ए-अरमनी' ती हीच. चित्रकार आणि सुतार लाकडावर सोन्याचा वर्ख चढवण्याआधी याच मातीचा हात देत, म्हणजे सोन्याला उबदार झाक येई. वैद्याच्या खलातला हा शब्द भूशास्त्रज्ञांनी उचलला तो रंग आणि स्पर्श सारखा म्हणून.

आयर्लंडच्या उत्तरेला अँट्रिमच्या किनाऱ्यावर, जेथे षटकोनी खांबांचा प्रसिद्ध 'जायंट्स कॉजवे' आहे, तेथील बेसाल्टातही असाच ठळक तांबडा पट्टा आहे. १८५१ मध्ये स्थापन झालेल्या भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे पहिले प्रमुख थॉमस ओल्डहॅम हे आयरिश होते आणि येथे येण्यापूर्वी त्यांनी आयर्लंडच्याच भूसर्वेक्षणाची धुरा सांभाळली होती. सह्याद्रीतली तांबडी रेघ या परंपरेतल्या माणसांना अनोळखी वाटली नसणार.

आपल्याकडे तिला नाव नव्हते असे मात्र नाही. पाथरवटाला बोलाचे काम नाही. अंबरनाथचे शिवमंदिर, शके ९८२ म्हणजे इ. स. १०६० चा शिलालेख असलेले, उभे आहे ते घट्ट काळ्या कातळात. बोलाचा चिरा निघतच नाही, तो हातात भुगा होतो. पण विहीर खणणाऱ्याला तो टाळता येत नाही. बारवीच्या रस्त्यावरच्या एका गावात विहिरी खणण्यात आयुष्य गेलेल्या एका म्हाताऱ्या गृहस्थांना मी आमचा कागद वाचून दाखवला. आर. बी.चा अर्थ सांगताच ते म्हणाले, म्हणजे गेरू. गेरू लागला की कडेला दगडाचे बांधकाम घ्यायचे, नाहीतर पावसाळ्यात तेवढाच भाग आत सरकतो, हे त्यांनी मला घासभर वेळात समजावले. डोंगरातल्या पाड्यांवर कुडाच्या भिंतींना लावतात तो गेरू आणि भूशास्त्रातला बोल प्रत्येक वेळी एकच नसतो. पण शब्द घडण्याची रीत एकच आहे : दिसले ते सांगायचे, हाताला लागले ते सांगायचे.

बोलाची खरी ताकद येथेच आहे. तो पट्टा कसा तयार झाला, याबद्दल हा शब्द काही गृहीत धरत नाही. काही अभ्यासक म्हणतात, एक थर थंड झाल्यावर पुढचा येईपर्यंत त्यावर ऊनपाऊस पडला, खडक कुजून माती झाली, म्हणजे ती प्राचीन जमीन आहे. काही म्हणतात, ती दूरच्या स्फोटांतून उडून आलेली आणि मागाहून बदललेली राख आहे. वरून आलेल्या तापलेल्या लाव्ह्याने खालची माती भट्टीतल्या विटेसारखी भाजली, हेही एक कारण सांगितले जाते. बहुधा ठिकाणागणिक उत्तर वेगळे असेल. याउलट, 'इंटरट्रॅपियन' हा शब्द ज्या थरांसाठी वापरतात ते तळ्या-दलदलीतल्या गाळाचे असतात आणि जीवाश्मांमुळे ओळखता येतात. मुंबईत वरळीच्या अशा थरांतून मिळालेल्या चिमुकल्या बेडकांचे वर्णन रिचर्ड ओवेन यांनी १८४७ मध्ये केले. बोलात असे काही सहसा हाती लागत नाही. त्यामुळे बराच काळ त्याकडे दोन थर वेगळे ओळखण्याची खूण म्हणूनच पाहिले गेले.

गेल्या दहा-बारा वर्षांत मात्र जगाचे लक्ष या तांबड्या रेघेकडे वळले. डायनोसॉरांचा अंत उल्कापाताने झाला, दख्खनच्या उद्रेकाने की दोहोंनी, हा वाद सोडवायचा तर उद्रेकाचे वेळापत्रक हवे. युरेनियमपासून शिसे होण्याच्या गतीवर चालणारे अचूक घड्याळ झिरकॉन या खनिजात असते, पण बेसाल्टात झिरकॉन जवळजवळ नसतोच. तो सापडला बोलात, उद्रेकांच्या मधल्या काळात पडलेल्या राखेबरोबर आलेला. प्रिन्स्टन विद्यापीठाच्या ब्लेअर शोएन आणि सहकाऱ्यांनी २०१५ मध्ये अशा नमुन्यांच्या आधारे मांडले, की मुख्य उद्रेक विनाशाच्या सुमारे अडीच लाख वर्षे आधी सुरू झाला आणि साडेसात लाख वर्षांच्या आसपास चालला. फेब्रुवारी २०१९ मध्ये 'सायन्स'च्या एकाच अंकात दोन निबंध आले. शोएन यांच्या गटाने बोलातल्या झिरकॉनवरून उद्रेकाचे चार जोरदार टप्पे दाखवले. कोर्टनी स्प्रेन यांच्या गटाने खुद्द बेसाल्टाचे वय आरगॉन पद्धतीने काढले आणि लाव्हा बराचसा अखंड वाहत राहिल्याचे सांगितले. एवढ्या मोठ्या प्रश्नाची एक बाजू त्या मऊ मातीच्या पट्ट्यावर तोललेली आहे. खडक उद्रेकाची साक्ष देतो, मधल्या सवडीची साक्ष बोल देतो.

आता पुन्हा आमच्या बोअरकडे. बोल हा चिकणमातीचा, म्हणून पाणी सहजासहजी खाली जाऊ देत नाही. डोंगराच्या कडेला तो उघडा पडला, की वरचे झिरपणारे पाणी त्याच्या माथ्यावरून झऱ्यासारखे बाहेर येते. त्याच्या खाली असतो आधीच्या लाव्हाथराचा माथा, वायूच्या बुडबुड्यांनी सच्छिद्र झालेला, आणि त्या पोकळ्या व भेगा एकमेकींना जोडलेल्या असल्या तर त्यात पाणी साठते. म्हणून बोल लागला की खाली पाण्याची आशा असते. आमचे पाणी ११६ फुटांच्या खालीच लागले होते. पण ओला झालेला बोल फुगतो, ढासळतो. केसिंग पाइप सहसा वरच्या माती-मुरुमापुरता टाकतात आणि कठीण कातळ लागला की पुढचे छिद्र उघडेच ठेवतात. आमच्याही बोअरमध्ये ३० फुटांपर्यंतच पाइप होता. तो बोलाच्या खालपर्यंत नेला असता, तर ते चार फूट झाकले गेले असते. तसे झाले नाही. चार फूट तांबडी माती हळूहळू पंपावर येऊन बसली.

आज उल्हासनगरपासून बदलापूरपर्यंत नव्या इमारतींच्या आवारात बोअरची यंत्रे घरघरताना ऐकू येतात. प्रत्येक ठिकाणी असा एक कागद तयार होत असेल. ज्यांच्या हाती तो येईल त्यांनी उजव्या बाजूचा रकाना शब्दन् शब्द वाचावा, आणि आर. बी. दिसले तर पाइप कोठपर्यंत टाकला हे यंत्र जाण्याआधी विचारावे.

आमच्या अहवालात खोदणाऱ्याने जे दिसले ते खोलीसह नेमके लिहिले होते. 'नंतर पाहू' हा शेरा त्याच्या शेजारी अजून आहे, माझ्या सहीनिशी.